भिडेची उधारी आणि कायद्याची मुदत

भीड ही भिकेची बहीण, असे आपले वाडवडील सांगत आले. भालकी, बिदर, उदगीर, देगलूर या भागातील व्यापाऱ्याचा हैदराबादशी चालणारा व्यवहार पाहिला म्हणजे या म्हणीची सत्यता पटते. बेगम बाजारात माल उतरतो, बिल होते आणि पैसे 'दिवाळीनंतर' देण्याचे ठरते. ती दिवाळी कोणत्या सालची, हे मात्र ठरत नाही. पेढीचा संबंध जुना. तगादा लावावा तर भीड आड येते. या भिडेतच तीन वर्षे निघून जातात.

१९६३ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे, उधारीचा काळ ठरला नसेल तर माल पोचल्यापासून व ठरला असेल तर तो संपल्यापासून तीन वर्षांत दावा दाखल झाला पाहिजे. त्यानंतर प्रतिवादीने चकार शब्द काढला नाही तरी न्यायालयास दावा फेटाळावा लागतो. विलंबमाफी अपिलास मिळू शकते, दाव्यास नाही.

दोन गैरसमज आपल्या बाजारात फार रुजले आहेत. वकिलाची नोटीस दिली की मुदत थांबते, हा पहिला. नोटिशीने मुदत एक दिवसही थांबत नाही. खाते चालू आहे तोवर मुदत चालूच, हा दुसरा. दोन्ही पेढ्यांचे एकमेकींकडे परस्पर येणे असेल, अशाच चालू खात्यास शेवटच्या नोंदीच्या वर्षअखेरीपासून मुदत मिळते. एकाने विकावे व दुसऱ्याने फेडावे, अशा खात्यात प्रत्येक मालाची मुदत स्वतंत्र धावते.

या प्रदेशास मुदतीचा फटका नवा नाही. निजामाच्या हैदराबाद संस्थानास स्वतःचा मुदतीचा कायदा होता. १ एप्रिल १९५१ रोजी त्याच्या जागी भारतीय कायदा आला. ज्या दाव्यांची मुदत त्यामुळे घटली त्यांस दोन वर्षांची सवलत मिळाली; तीही जुनी मुदत त्याआधी संपत नसेल तरच. पुढे १९५६ साली त्या राज्याचे तीन तुकडे झाले. कालपर्यंत एका राज्यात असलेले धनको आणि ऋणको दोन राज्यांत विभागले गेले. सीमा हलल्या, घड्याळ मात्र कोणासाठी थांबले नाही.

मग हा कायदा निष्ठुर म्हणावा काय? आम्ही तसे म्हणणार नाही. साक्षीदार मरतात, वह्यांना वाळवी लागते. आजोबांच्या उधारीसाठी नातवास कोर्टात खेचणे हाही अन्यायच. शिवाय मुदत गेल्याने कर्ज नाहीसे होत नाही, दाव्याचा हक्क तेवढा जातो. ऋणकोने नंतर लेखी व सहीनिशी फेडीचे वचन दिले तर ते कायद्याने बंधनकारक ठरते. पण ज्याने तीन वर्षे हुलकावणी दिली, तो असे वचन कशास देईल?

म्हणून उपाय मुदतीच्या आतच केला पाहिजे. देणेकऱ्याने मुदतीत बाकी लेखी कबूल करून सही दिली, की त्या दिवसापासून नवी तीन वर्षे मिळतात. मुदतीत अंशतः भरणा झाल्यासही तेच घडते. मात्र त्या भरण्याची नोंद देणाऱ्याच्या हस्ताक्षरात वा सहीनिशी हवी. तीन लाख व त्यावरील व्यापारी दाव्यास, तातडीचा अंतरिम हुकूम मागावयाचा नसेल तर, आधी मध्यस्थीस जावे लागते. तो काळ मुदतीतून वगळला जातो. परंतु अर्ज मुदत संपण्यापूर्वीच गेला पाहिजे.

आमच्या व्यापारी मंडळांनी दर ३१ मार्चला बाकी-कबुलीचा छापील मराठी नमुना सभासदांच्या हाती द्यावा. सही मागणे हा अविश्वास नव्हे. सच्चा देणेकरी ती आनंदाने देईल. जो सही देण्यास कचरतो, त्याच्याकडे आणखी एक गाडी माल पाठवावा की नाही, याचे उत्तर त्या कचरण्यातच मिळालेले असते.