देठ आणि वृंत

मराठी शाळेंत वनस्पतिशास्त्राचा धडा सुरू झाला कीं विद्यार्थ्याच्या वहींत एक नवा शब्द उतरतो. तो शब्द वृंत. पानाला फांदीशीं जोडणारा भाग तो पर्णवृंत. फुलाला धरून ठेवणारा तो पुष्पवृंत. असा भाग ज्याला आहे तें पान सवृंत, ज्याला नाहीं तें अवृंत. शब्द संस्कृत आहे, आटोपशीर आहे, आणि त्याच्या मागेंपुढें दुसरीं पदें जोडून पाहिजे तशा संज्ञा घडवितां येतात. शास्त्राच्या दृष्टीनें त्यांत कांहीं उणें नाहीं. परंतु वृंत वहींत शिरतांना घरचा ‘देठ’ मात्र पुष्कळदां दाराबाहेर काढला जातो, जणूं काय तो शास्त्राच्या पंक्तीस बसण्याच्या योग्यतेचाच नव्हे. ही समजूत चुकीची आहे, आणि तिच्यामुळें आपल्या मुलांचें नुकसान होतें, असें आमचें स्पष्ट मत आहे.

वृंत अवश्य शिकावा; पण देठ टाकूं नये. देठ, दांडा, काड, कांडें, ताट, खोड ही जी शब्दांची रास शेतकऱ्याच्या घरीं पिढ्यान् पिढ्या सांठलेली आहे, ती निरीक्षणाची कमाई आहे. जो विद्यार्थी ती घरीं ठेवून शाळेंत येतो, तो रिकाम्या हातानें येतो.

उदाहरणासाठीं दूर जावयास नको. आंबेगांव तालुक्याच्या पश्चिमेस, भीमाशंकराच्या वाटेवर तळेघर आहे. तिकडे पाऊस दांडगा. पिकें म्हणजे भात, नाचणी, वरई. भात झोडून झाल्यावर हातीं राहतो तो पेंढा. नाचणीचें व वरईचें राहतें तें काड. तेथून खालीं पूर्वेस मंचराकडे, किंवा जुन्नर तालुक्याच्या सपाटीवर आलें, म्हणजे पाऊस कमी होतो, पिकें बदलतात, आणि त्यांबरोबर शब्दही बदलतात. बाजरीचीं कणसें खुडल्यावर उरतें तें सरमड. जोंधळा शेतांत उभा असतां त्याचें ताट. कापून वाळविला म्हणजे कडबा. आणि कापणीनंतर जमिनींत राहून अनवाणी पायाला बोंचतें तें धसकट. ऊस गाळल्यावर उरतें तें चिपाड. तुरीच्या तुराट्या, कपाशीच्या पऱ्हाट्या, आणि ताग-अंबाडीचा वाख काढून घेतल्यावर उरतात त्या सणकाड्या. पुस्तकांत या सर्वांस एकच नांव आहे, खोड.

आतां कोणी म्हणेल, एका वस्तूला इतकीं नांवें कशाला? पण या वस्तु एक नव्हेतच. भाताच्या काडाचीं कांडीं आंतून पोकळ असतात आणि तें केवळ पेरापाशीं भरीव असतें. म्हणून पेंढा मऊ व हलका. तो गुरांपुढें टाकावा, छपरावर शाकारावा, आंब्याच्या अढींत घालावा. जोंधळ्याचें ताट आंतून भरीव व रसाळ. म्हणून कडब्याची वैरण दुभत्या जनावराला मानवते. तुरीची तुराटी लांकडासारखी टणक होते. ती वैरणीच्या उपयोगी नाहीं, कुडाच्या व जळणाच्या उपयोगी आहे. सणकाडी सालीवांचून उघडी, कोरडी व हलकी. ती चटकन् पेटते. म्हणजे प्रत्येक शब्दांत त्या त्या दांड्याची रचना आणि तिचा उपयोग हीं दोन्हीं सांठविलेलीं आहेत. ज्याला हे शब्द समजतात त्याला खोडाच्या अंतर्रचनेचा अर्धा धडा घरींच येत असतो; त्याला केवळ ही जाणीव कोणीं तरी करून द्यावयास पाहिजे.

देठाची गोष्ट अशीच आहे. आंबा अगदीं देठाशीं तोडला तर चीक सालीवर ओघळतो, तेथें डाग पडतो व फळ लवकर नासतें. म्हणून जाणता माणूस थोडा देठ राखूनच झेल्यानें आंबा उतरवितो. पिंपळाचें पान वारा जवळजवळ नसतांही सळसळतें, कारण त्याचा देठ लांब व बारीक असतो. मुळांकडून येणारें पाणी याच देठांतून पानांत जातें, आणि पानांत तयार झालेली साखर याच वाटेनें झाडाच्या इतर भागांकडे परत येते. पान पिकलें म्हणजे देठाच्या बुडाशीं पेशींचा एक पातळ थर तयार होतो व पान तेथूनच सुटतें. हें सर्व ‘पर्णवृंत’ या शीर्षकाखालीं पुस्तकांत दिलेलें असतें. परंतु ज्या मुलाला वृंत म्हणजे आपला देठच, हें उमगलेलें नाहीं, त्याला तें दुसऱ्याच कोणत्या तरी देशांतल्या झाडांविषयीं लिहिलेलें वाटतें.

याहूनही एक पाऊल पुढें जाऊन आम्ही असें म्हणूं कीं, कित्येक ठिकाणीं घरचा शब्द शास्त्राला अधिक जवळचा असतो. अळूचें उदाहरण घ्या. अळूचा जो लांब मांसल दांडा आपण चिरून भाजींत घालतों, त्याला पाहणारा कोणी नवखा मनुष्य खोड म्हणेल. आपल्या आया व आज्या मात्र त्याला देठ म्हणतात, आणि त्याच्या पदार्थाला देठी. शास्त्र त्यांच्याच बाजूचें आहे. तो पानाचाच देठ असून अळूचें खरें खोड म्हणजे जमिनींतील कंद होय. केळीचा जो जाड स्तंभ दिसतो तोही खरें खोड नव्हे; पानांचे तळ एकावर एक गुंडाळून तो झालेला असतो, आणि त्या पदरांना सोपट हें स्वतंत्र नांव आपल्या भाषेंत पूर्वींपासून आहे. कांद्याची पात वेगळी व फुलोऱ्याचा पोकळ दांडा वेगळा, हें जुन्नरचा शेतकरी जाणतो. त्या दांड्याला तो डेंगळा म्हणतो, आणि डेंगळा आलेल्या कांद्याला बाजारांत भाव कमी मिळतो हेंही त्याला ठाऊक असतें.

अर्थात् घरचा शब्द सर्वत्रच बरोबर असतो, असा हट्ट धरणें योग्य होणार नाहीं. कडुनिंबाच्या मधल्या दांड्याला आपण डहाळी समजतों व तिच्यावरील प्रत्येक पात्याला पान म्हणतों. शास्त्र सांगतें कीं तो दांडा व तीं सर्व पातीं मिळून एकच पान आहे. कसोटीही सोपी आहे: जेथें पान खोडाला मिळतें त्या बेचक्यांत कळी असते. कडुनिंबाच्या पात्यांच्या बुडाशीं कळी सांपडत नाहीं. मधला दांडा फांदीला मिळतो तेथें ती सांपडते. तसेंच सातगांव पठारावर पिकणाऱ्या बटाट्याला आपण मुळांत धरतों; परंतु त्याचे डोळे म्हणजे कळ्या होत, आणि कळ्या ज्यावर आहेत तें खोड. असा धडा पुस्तकाशिवाय मिळाला नसता. यावरून काय दिसतें? घर डोळे देतें, शाळा कसोटी देते. दोहोंपैकीं एकानें भागत नाहीं.

हीं दोन्हीं एकत्र नांदूं शकतात, याचा पुरावा आपल्या पाठ्यपुस्तकांतच आहे. खोडावर जेथें पान फुटतें त्या जागेला पेर व दोन पेरांमधील भागाला कांडें, या संज्ञा शास्त्रानें सरळ उसाच्या शेतांतून उचलल्या. लोकांच्या बोलण्यांत पेर हा शब्द कधीं सांध्याला तर कधीं दोन सांध्यांमधील तुकड्याला लावतात. शास्त्रानें त्याचा एक अर्थ पक्का केला, इतकेंच. शब्द तोच राहिला, अर्थ घोटीव झाला. पारिभाषिक शब्द घडविण्याची याहून चांगली रीति आम्हांस माहीत नाहीं.

आणि जे लोक या शब्दांना गांवढळ म्हणून नाक मुरडतात, त्यांनीं आपल्या थोर ग्रंथांच्या अनुक्रमणिका एकदां पाहाव्या. रामायणाचे भाग कांडें आहेत. संस्कृतांत कांड म्हणजे बोरू-वेताचें कांडें. महाभारताचे भाग पर्वें आहेत. पर्व म्हणजे पेर, आणि मराठी ‘पेर’ हा त्याच शब्दाचा वंशज. भागवताचे भाग स्कंध आहेत; स्कंध म्हणजे वृक्षाचा बुंधा. कायद्याचीं जीं कलमें, तो शब्द अरबींतून आला, आणि अरबींत तो ग्रीक भाषेंतील बोरू या अर्थाच्या ‘कालामॉस’ या शब्दापासून आला असें विद्वान् मानतात. लेखणी ती कलम, आंब्याचें रोप बांधतात तेंही कलम. जुन्नरी कागदावर ज्या लेखणीनें पूर्वीं दप्तरें लिहिलीं गेलीं, ती तरी काय होती? एका गवताचें तासलेलें कांडें. विवाह मोडला तर काडीमोड, आधार थोडा असला तर काडीचा, आणि जीव तोडून ओरडावयाचें तर बेंबीच्या देठापासून. इतक्या ठिकाणीं ज्या शब्दांवांचून आपलें चालत नाहीं, ते वनस्पतिशास्त्राच्या वर्गांतच तेवढे लाजिरवाणे कसे ठरतात?

या मतावर एक आक्षेप येईल, व तो विचार करण्यासारखा आहे. बोलीचे शब्द गांवोगांव बदलतात. एका गांवचें ताट तें दुसऱ्या गांवचें धाट. परीक्षक नागपूरचा, विद्यार्थी तळेघरचा. मग दोघांनाही समजेल असा एक शब्द नको काय? हवाच. म्हणूनच वृंत शिकावा असें आम्ही आरंभींच म्हटलें. सर्वांना समजणारा शब्द हा राजमार्ग आहे. पण राजमार्गाला घरापासूनची पायवाट येऊन मिळावी लागते. उत्तरपत्रिकेंत ‘पर्णवृंत, म्हणजे देठ’ असें लिहिणाऱ्या विद्यार्थ्यानें दोन्ही जागीं आपलें पाऊल रोंवलेलें असतें.

हा प्रश्न केवळ शब्दांच्या हौसेचा नाहीं. त्यांत पोटाचाही संबंध येतो. १९६६ सालीं फिलिपाइन्समधील आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेनें ‘आयआर ८’ नांवाचें आखूड दांड्याचें भात प्रसृत केलें. उंच भाताला भरपूर खत घातलें तर कणीस जड होऊन काड लोळतें. आपल्या जुन्या आंबेमोहराचा हा दोष शेतकऱ्यांना ठाऊकच आहे. दांडा आखूड केल्यानें पीक उभें राहिलें व दाणा वाढला. गव्हाच्या अशाच आखूड दांड्याच्या वाणांबद्दल नॉर्मन बोरलॉग यांस १९७० सालीं शांततेचें नोबेल पारितोषिक मिळालें. कोट्यवधि लोकांना त्यामुळें अन्न मिळालें, ही मोठीच गोष्ट होय. परंतु ज्याच्या गोठ्यांत गुरें आहेत तो शेतकरी नव्या बियाण्याविषयीं दोन प्रश्न विचारतो: दाणा किती, आणि पेंढा किती? मालदांडी जोंधळा आजही लोकांच्या मनांत घर करून आहे तो भाकरीइतकाच कडब्यासाठीं. ज्या मुलाला पेंढा आणि कडबा हे शब्दच परके झाले, त्याला उद्यां कृषिशास्त्राचा पदवीधर झाल्यावर हा दुसरा प्रश्न सुचणार कोठून? शब्द गेला कीं त्यापाठोपाठ प्रश्नही जातो.

आणि शब्द जात आहेत. पेंढ्याच्या छपरांची जागा पत्र्यानें घेतली. कारवीच्या काठ्यांचे शेणामातीनें लिंपलेले कुड जाऊन विटांच्या भिंती आल्या. भीमाशंकराचें रान १९८५ सालीं अभयारण्य झालें व तेथील तोडीवर निर्बंध आले. यांत वाईट कांहीं नाहीं. न गळणारें घर व राखलेलें रान हीं दोन्हीं हवींच आहेत. पण ज्या वस्तूला हात लागत नाहीं तिचें नांव जिभेवरून लवकर उतरतें. शिक्षणासाठीं घर सोडून वसतिगृहांत राहणाऱ्या मुलाच्या बाबतींत तर हें एका पिढींतच घडतें.

तेव्हां पालकांस आमची विनंति अशी कीं, मुलगा वा मुलगी सुटींत घरीं आली असतां आपल्या शेतांतील शब्द त्यांच्यापुढें संकोचानें गिळूं नका. ज्यांना आपण अडाणी शब्द समजतां, तेच वेंचण्यासाठीं मोल्सवर्थ यांनीं पंडितांच्या साहाय्यानें किती श्रम घेतले, तें त्यांच्या १८३१ सालच्या व वाढवून १८५७ सालीं काढलेल्या कोशावरून दिसतें. पुढें दाते व कर्वे यांनीं १९३२ ते १९३८ या काळांत ‘महाराष्ट्र शब्दकोश’ सात विभागांत सिद्ध केला, त्यांतही गांवोगांवच्या बोलींना मानाचें पान दिलें.

विद्यार्थ्यांनीं तर याहून सोपें काम करावें. एक वही घ्यावी. सुटींत गांवीं दिसेल त्या झाडाच्या, पिकाच्या व गवताच्या दांड्याचें घरीं रूढ असलेलें नांव तींत लिहावें. तो पोकळ कीं भरीव, पेरें किती अंतरावर, कळी कोठें, आणि घरांत त्याचा उपयोग काय, हें शेजारीं टिपावें. आणि शेवटच्या रकान्यांत पुस्तकांतील संज्ञा घालावी. ज्या ओळींत घरचें नांव आहे पण संज्ञा नाहीं, ती ओळ शिक्षकांना दाखवावी. ज्या ओळींत संज्ञा आहे पण घरचें नांव नाहीं, ती आजीला विचारावी.