त्या काळची माणसं होती, मग लपवलं कशाला?

सप्टेंबर १७६७. व्हर्जिनियातला पस्तीस वर्षांचा एक जमीनदार आपल्या ओळखीच्या मोजणीदाराला पत्र लिहितो. मजकूर साधारण असा: डोंगरापलीकडे चांगल्या जमिनी कुठं आहेत ते हुडक, खुणा करून ठेव. मोजणीचा आणि कागदपत्रांचा खर्च माझा, तुलाही त्यात वाटा देतो. तिकडे वस्ती करायला राजाची बंदी आहे खरी, पण ती तिथल्या मूलनिवासींना तात्पुरतं शांत ठेवण्यासाठी आहे, काही वर्षांत उठेल. आत्ता जो हातावर हात ठेवून बसेल त्याला ही संधी परत मिळणार नाही. आणि हे सगळं गुपचूप व्हायला हवं. कुणी विचारलंच, तर शिकारीला आलोय म्हणून सांग.

मोजणीदाराचं नाव विल्यम क्रॉफर्ड. जमीनदाराचं नाव जॉर्ज वॉशिंग्टन.

हे पत्र मी आजवर बऱ्याच जणांना दाखवलंय. उत्तर जवळपास ठरलेलं असतं. "अरे, ती त्या काळची माणसं होती. आजच्या फूटपट्टीनं त्यांना मोजू नकोस." हे वाक्य समंजस वाटतं, बोलणारा इतिहास जाणणारा वाटतो आणि चर्चा तिथंच संपते. मला या वाक्याशीच भांडायचंय. कारण ते पत्र न वाचता बोललेलं असतं.

पत्र नीट वाचा. गुप्तता का हवी, याची दोन कारणं वॉशिंग्टन स्वतःच देतो. एक, राजाच्या हुकमाबद्दल आपलं हे मत बाहेर फुटलं तर आपल्यावर टीका होईल. दोन, इतरांना सुगावा लागला तर तेही धावतील आणि आपला बेत फसेल. म्हणजे चारचौघांत हे शोभणार नाही, हे लिहिणाऱ्याला पुरतं ठाऊक होतं. मग फूटपट्टी आजची कुठून आली? ती १७६७ सालचीच आहे आणि वॉशिंग्टननं ती स्वतःच स्वतःला लावून पाहिलीय. ती लागू पडते हे कळल्यावर त्यानं शिकारीचं सोंग सुचवलं.

राजाची बंदी म्हणजे १७६३ चा जाहीरनामा. फ्रेंचांशी झालेलं युद्ध नुकतंच संपलं होतं, मूलनिवासी टोळ्यांचा उठाव चालू होता, आणि लंडनला आणखी एक महागडी लढाई परवडणारी नव्हती. म्हणून ॲपलाचियन पर्वताच्या पश्चिमेला वसाहतवाल्यांनी जायचं नाही, असा हुकूम निघाला. राजाला मूलनिवासींचा पुळका होता असं कुणी समजू नये. पण कायदा होता आणि तो सगळ्यांना माहीत होता. पुढच्याच वर्षी, १७६८ मध्ये, फोर्ट स्टॅनविक्सच्या तहात इरोक्वॉइ महासंघानं ओहायो नदीच्या दक्षिणेचा मुलूख इंग्रजांना देऊन टाकला. त्या मुलखात शिकार करणाऱ्या शॉनी लोकांची संमती कुणी घेतली नाही. वॉशिंग्टनचा अंदाज बरोबर ठरला. पण अंदाज बरोबर ठरला म्हणून कृती बरोबर ठरत नाही.

हे एकच पत्र असतं तर मी गप्प बसलो असतो. पण जानेवारी १७७० मध्ये तो आपला भाऊ चार्ल्सला लिहितो. पार्श्वभूमी अशी, की १७५४ मध्ये व्हर्जिनियाच्या गव्हर्नरनं सैन्यात भरती होणाऱ्यांना दोन लाख एकर जमिनीचं आश्वासन दिलं होतं. सोळा वर्षं होत आली तरी जमिनीचा पत्ता नव्हता. ते आश्वासन पाळलं जावं म्हणून वॉशिंग्टननं पाठपुरावा केला, त्याचा फायदा इतरांनाही झाला, हे मान्य करायलाच हवं. पण त्याच वेळी तो भावाला सांगतो, की आपल्या जुन्या सहकाऱ्यांना आधी चेष्टेचेष्टेत विचार, ते आपल्या हक्काची किंमत किती धरतात. स्वस्तात देत असतील तर तुझ्या नावानं घेऊन टाक. मागं मी आहे हे कळू देऊ नकोस.

हे वाचताना तुम्हाला आपल्याकडचं काही आठवलं असेल. हायवे कुठून जाणार याची कुणकुण आधी लागलेला माणूस आणि दुसऱ्याच्या नावानं झालेलं खरेदीखत. आपण मराठी माणसं असं पत्र पहिल्या ओळीत ओळखतो, त्यासाठी अमेरिकेच्या इतिहासात पदवी लागत नाही. १७९९ मध्ये वॉशिंग्टन वारला तेव्हा त्याच्या नावावर पन्नास हजार एकरांहून जास्त जमीन होती.

आता दुसरं उत्तर येतं. "ठीक आहे, पण ही खासगी पत्रं आहेत. माणूस घरात काय बोलतो त्यावरून त्याचं राजकारण कशाला तोलायचं?" याला उत्तर म्हणून मी थॉमस जेफर्सनचं पत्र पुढं करतो. तारीख २७ फेब्रुवारी १८०३. लिहिणारा अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष, घेणारा इंडियाना प्रदेशाचा गव्हर्नर विल्यम हेन्री हॅरिसन. सुरुवातीलाच जेफर्सन म्हणतो की हे पत्र खासगी आहे, सरकारी नाही, त्यामुळे मला धोरण मोकळेपणानं सांगता येईल. मग मोकळेपणानं सांगतो. मूलनिवासींसाठी सरकारी दुकानं वाढवायची. त्यांच्यातली वजनदार माणसं उधारीत बुडाली तर आपल्याला आनंदच आहे, कारण देणं डोईजड झालं की माणूस जमीन देऊन ते फेडायला तयार होतो. एखाद्या टोळीनं शस्त्र उचललंच, तर तिचा सगळा मुलूख घ्यायचा आणि तिला मिसिसिपीपलीकडे हाकलायचं, म्हणजे इतरांना दहशत बसेल. शेवटी बजावतो की हे तुझ्या मनातच ठेव, विशेषतः मूलनिवासींच्या कानावर जाऊ देऊ नकोस.

यात खासगी काय आहे? बायकोची खुशाली नाही की मुलांचा अभ्यास नाही. हे एका राज्ययंत्रणेचं धोरण आहे. 'खासगी' हा शब्द इथं फक्त कुलपाचं काम करतो. जेफर्सन सार्वजनिक भाषणात मूलनिवासींना 'मुलांनो' म्हणायचा, शेती शिका, सुखी व्हा असं सांगायचा. आपण ते भाषण खरं राजकारण समजतो आणि हे पत्र त्याचा वैयक्तिक दोष. माझ्या मते हे अगदी उलटं आहे. कारभार पत्रातून चालला, भाषण त्यावरचं पांघरूण होतं. हॅरिसननं पुढची वर्षं एकामागून एक तह करून जमीन घेतली. १८०९ च्या फोर्ट वेनच्या तहात जवळपास तीस लाख एकर गेले. त्यातून टेकमसेचा प्रतिकार उभा राहिला आणि १८११ मध्ये टिप्पेकनूची लढाई झाली.

आणि कर्ज म्हणजे काय हे जेफर्सनला पुस्तकातून शिकावं लागलं नव्हतं. सासऱ्याची देणी त्याच्या अंगावर आली होती. १८२६ मध्ये तो मेला तेव्हाही कर्जात होता. पुढच्या जानेवारीत ते फेडण्यासाठी त्याच्या माँटिसेलोच्या मळ्यावर लिलाव झाला, त्यात १३० गुलाम माणसं विक्रीला काढली गेली. ज्याला फास कसा आवळतो हे माहीत होतं, त्यानंच तो दुसऱ्यासाठी विणला.

या सगळ्यात मला सर्वांत बोलका वाटतो तो मिलर्स रनचा तंटा. पेनसिल्व्हेनियाच्या पश्चिमेला २,८१३ एकरांचा एक तुकडा. क्रॉफर्डनं तो वॉशिंग्टनसाठी मोजला, हक्क दाखवायला तिथं एक खोपटं उभं केलं. मग इतर काही कुटुंबं तिथं येऊन राहिली. क्रॉफर्डनं वॉशिंग्टनला कळवलं की या लोकांनी आपल्या खोपटाच्या दाराला इतकं चिकटून घर बांधलंय की आपल्या माणसाला आत शिरता येत नाही. बांधावरून भांडण झालेल्या कुठल्याही गावात ही तक्रार जशीच्या तशी ऐकायला मिळेल.

युद्ध जिंकून घरी परतलेला सेनापती सप्टेंबर १७८४ मध्ये घोड्यावरून तिथं पोचला. डझनभर कुटुंबं होती. एकरी पंचवीस शिलिंग द्या, नाहीतर ९९९ वर्षांच्या भाडेपट्ट्यावर घ्या, असं त्यानं सांगितलं. लोक म्हणाले, आम्ही तुझ्या कागदाच्या आधी आलोय, रान आम्ही तोडलंय. वॉशिंग्टनच्या सनदेवर तारीख होती जुलै १७७४. प्रकरण कोर्टात गेलं. थॉमस स्मिथ या वकिलाला त्यानं पत्रांमागून पत्रं लिहिली, एकेक तारीख, एकेक साक्षीदार. १७८६ मध्ये निकाल त्याच्या बाजूनं लागला. ज्या काउंटीत हे झालं तिचं नाव आधीच 'वॉशिंग्टन' ठेवलेलं होतं.

मला त्या शेतकऱ्यांना नायक करायचं नाही. तेही कुणाच्या तरी भूमीवरच बसले होते आणि त्या मूळ माणसांना या खटल्यात पक्षकार म्हणूनसुद्धा जागा नव्हती. पण १७६७ चं पत्र शेजारी ठेवून पाहा. कायदा नाकारून आधी जाऊन खुणा करणं हे वॉशिंग्टननं केलं तर दूरदृष्टी. तेच गरिबानं कुऱ्हाड घेऊन केलं तर अतिक्रमण. फरक एवढाच, की एकाकडे मोजणीदार आणि वकील होता.

ॲबिगेल ॲडम्सचंही ऐका. मार्च १७७६ मध्ये तिनं नवरा जॉनला लिहिलं की नवे कायदे करताना बायकांची आठवण ठेवा, नवऱ्यांच्या हाती अमर्याद सत्ता देऊ नका. ते पत्र दर महिला दिनाला फिरतं. फिरत नाही ते पुढचं. १७८२ मध्ये जॉन युरोपात असताना तिनं व्हरमाँटमध्ये १,६५० एकर जमीन घेतली. न्यूयॉर्क आणि न्यू हॅम्पशायर दोघांनीही दावा सांगितलेला तो मुलूख होता. एका माणसाला ३३० एकर मिळत, म्हणून तिनं पाच हिस्से घेतले: नवऱ्याचा एक आणि चार मुलांचे चार. स्वतःच्या नावानं एकही नाही, कारण लग्न झालेल्या बाईला कायद्यानं मालमत्ता ठेवता येत नव्हती. जॉननं उत्तर पाठवलं, व्हरमाँटच्या भानगडीत पुन्हा पडू नकोस. सहा वर्षांपूर्वीच्या पत्राचं खरं उत्तर मला तरी या जमीनव्यवहारात दिसतं.

राहिली शेवटची पळवाट: त्या काळात वेगळा विचार कुणाला सुचलाच नव्हता. हे साफ खोटं आहे. ऑगस्ट १७९३ मध्ये ओहायो खोऱ्यातल्या टोळ्यांच्या महासभेनं अमेरिकी आयुक्तांना लेखी निरोप पाठवला. तुम्ही जमिनीसाठी आम्हाला पैसे देऊ करताय, आम्हाला पैशाचा उपयोग नाही. आमच्या जमिनीवर येऊन बसलेली माणसं गरीब असणार, नाहीतर जीव धोक्यात घालून ती आली नसती. तो पैसा त्यांना वाटा, ती आनंदानं निघून जातील. इतका सरळ हिशेब त्या काळातल्या कुठल्या पत्रात मला सापडलेला नाही. आयुक्तांनी बोलणी संपल्याचं कळवलं. पुढच्या वर्षी फॉलन टिंबर्सची लढाई, १७९५ मध्ये ग्रीनव्हिलचा तह, ओहायोचा बहुतेक भाग गेला. त्या मोहिमेत सेनापतीचा सहायक असलेला एक तरुण अधिकारी होता, विल्यम हेन्री हॅरिसन. जेफर्सनचं पत्र आठ वर्षांनी त्यालाच आलं.

आणि १७९७ मध्ये थॉमस पेननं 'ॲग्रेरियन जस्टिस' छापलं. जमीन मुळात सगळ्यांची आहे, म्हणून जमीनमालकांनी समाजाचं देणं फेडावं, त्यातून प्रत्येकाला एकविसाव्या वर्षी पंधरा पौंड आणि पन्नाशीनंतर दरसाल दहा पौंड मिळावेत, असा त्याचा प्रस्ताव. पेनही 'त्या काळचा'च होता. हाच पेन आपल्या जोतीराव फुल्यांनी वाचला होता. १८७३ मध्ये त्यांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केलं ते गुलामगिरी संपवल्याबद्दल. अर्पणपत्रिकेत राष्ट्रपित्यांची आरती नाही. अमेरिकेकडून काय घ्यायचं हे आपल्याकडे दीडशे वर्षांपूर्वी कुणीतरी निवडून दाखवलेलं आहे.

ही माणसं राक्षस होती, त्यांची पत्रं जाळा, असं मी म्हणत नाही. उलट सगळी वाचा. 'फाउंडर्स ऑनलाइन' या संकेतस्थळावर ती फुकट आहेत, मोबाईलवर उघडतात. स्वातंत्र्यावरची सुविचार-कार्डं सोडा आणि शोधाच्या चौकटीत 'जमीन' या अर्थाचा इंग्रजी शब्द टाका. मग जिथं जिथं 'हे कुणाला सांगू नकोस' असं येईल तिथं थांबा. त्या वाक्याखालचा माणूस त्याच्या काळाला पुरेपूर ओळखून होता.