दिसले, पण ओळखले काय?

ठाण्याच्या खाडीच्या दोन्ही तीरांवर तुर्भे नावाचे गाव आहे. पश्चिमेचे तुर्भे इंग्रजांच्या जिभेवर ट्रॉम्बे झाले आणि भाभा अणुसंशोधन केंद्राच्या पत्त्यातून जगभर पोहोचले. पूर्वेचे तुर्भे नव्या मुंबईत मोडते व आपल्या औद्योगिक वसाहतीवर आणि घाऊक मालाच्या गोदामांवर जगते. या दोन तुर्भ्यांच्या आसपास अणुभट्ट्या, माहूलचे तेलशुद्धीकरण कारखाने, रसायनांच्या टाक्या आणि लक्षावधी माणसांची वस्ती एवढे सारे दाटीने उभे आहे. आकाशमार्गे हल्ला करणाऱ्या शत्रूने मुंबईच्या नकाशावर बोट ठेवायचे ठरविले, तर ते प्रथम या खाडीवर पडेल, हे सांगावयास सेनापती नको.

७ मे २०२५ रोजी देशभर नागरी संरक्षणाची जी रंगीत तालीम झाली, तीत महाराष्ट्रातून मुंबई, उरण आणि तारापूर ही ठिकाणे अग्रक्रमाने निवडली गेली होती. १९७१ च्या डिसेंबरातील काळोख्या रात्री आणि खिडक्यांना चिकटविलेले काळे कागद ज्यांनी पाहिले, त्यांना त्या दिवशी बरेच काही आठवले असेल. त्यानंतरच्या चार दिवसांच्या संघर्षात ड्रोन, क्षेपणास्त्रे आणि रडार हे शब्द घरोघरी पोहोचले, आणि १५ ऑगस्ट २०२५ रोजी पंतप्रधानांनी लाल किल्ल्यावरून ‘सुदर्शन चक्र’ मोहिमेची घोषणा केली. लष्करी ठाण्यांप्रमाणेच नागरी महत्त्वाच्या स्थळांनाही २०३५ पर्यंत संरक्षणाची ढाल पुरविण्याचा हा संकल्प आहे. संकल्पाचे आम्ही स्वागत करतो. परंतु अशी ढाल नुसत्या यंत्रांची घडते काय, हा प्रश्न विचारल्यावाचून आम्हांस राहवत नाही. आणि रडारचा नव्वद वर्षांचा इतिहास त्याचे जे उत्तर देतो, ते फारसे सुखावह नाही.

२६ फेब्रुवारी १९३५ रोजी इंग्लंडमध्ये डॅव्हेंट्रीजवळ वॉटसन-वॉट आणि विल्किन्स यांनी नभोवाणीच्या लहरी एका बाँबफेकी विमानावरून परावर्तित होतात हे दाखविले. पाच वर्षांत इंग्लंडच्या पूर्व व दक्षिण किनाऱ्यांवर सुमारे एकशेदहा मीटर उंचीच्या मनोऱ्यांची साखळी उभी राहिली. ही यंत्रे त्या काळच्या मानानेही ओबडधोबड होती. त्यांची तरंगलांबी दहा मीटरांहून अधिक, आणि ती केवळ समुद्राकडे पाहणारी. विमान किनारा ओलांडून आत आले की ती आंधळी. जर्मनांची ‘फ्रेया’ व ‘वुर्झबुर्ग’ ही रडारे यापेक्षा कितीतरी सुबक होती. तरीही १९४० च्या उन्हाळ्यात सरशी झाली ती इंग्रजांची. ज्याचे यंत्र कमी प्रतीचे, त्याने लढाई कशी जिंकावी?

या कोड्याचा उलगडा बेंटले प्रायरी येथील एका खोलीत होतो. रडार-स्थानकांकडून येणारी प्रत्येक बातमी दूरध्वनीने तेथे येई. परस्परविरोधी बातम्या तेथे गाळल्या जात. विमाने आपली की परकी, किती आणि कोठे, हे ठरवून ते मोठ्या नकाशावर मांडले जाई. हे काम करणाऱ्यांत तरुण स्त्रियांचा भरणा होता. भूभागावर दुर्बिणी घेऊन बसलेले स्वयंसेवक रडारचे अपुरे काम पुरे करीत. तेथून हुकूम सुटे आणि काही मिनिटांत लढाऊ विमाने आकाशात चढत. वैमानिकांना दिवसभर आकाशात घिरट्या घालून पेट्रोल व प्राण आटवावे लागत नसत. सेनापती डाउडिंग यांनी उभारलेली ही व्यवस्था हेच इंग्रजांचे खरे शस्त्र होते. मनोरे त्या शस्त्राची केवळ मूठ.

याच्या नेमके उलट उदाहरण पुढल्याच वर्षाचे. ७ डिसेंबर १९४१ रोजी सकाळी सात वाजून गेल्यावर हवाई बेटांवरील ओपाना येथील रडारच्या पडद्यावर दोन अमेरिकन सैनिकांना विमानांचा प्रचंड जथा दिसला. अंतर दोनशे किलोमीटरांहून अधिक होते. त्यांनी तत्काळ कळविले. पण माहिती-कक्षात त्या वेळी एक अननुभवी अधिकारी होता. अमेरिकेहून येणारी स्वकीय बाँबफेकी विमानेच ही असावीत, असे समजून त्याने काळजी न करण्यास सांगितले. पर्ल हार्बरवर पहिला बाँब पडला तो पावणेआठनंतर. यंत्राने दिलेली पाऊण तासाहून अधिक मुदत माणसाने हातची घालविली. संजयाला दिव्यदृष्टी होती आणि तो जे दिसेल ते प्रामाणिकपणे सांगतही होता. पण ऐकणाऱ्या धृतराष्ट्राला त्याचा काय उपयोग झाला, हे आपल्याकडे शाळकरी मुलेही जाणतात.

परकीयांच्या गोष्टी पुष्कळ झाल्या. आपल्या किनाऱ्यावर काय घडले? १९६५ च्या युद्धात पाकिस्तानी आरमाराने द्वारकेवर तोफा डागल्या, तेव्हा तेथील रडार नष्ट करणे हा त्यांचा एक हेतू होता. अमृतसरच्या रडारवरही पाकिस्तानी विमानांनी पुनःपुन्हा हल्ले चढविले. ते रडार शेवटपर्यंत टिकले. रडारचे मोल शत्रूला किती वाटते, याचा हा पुरावा. १९७१ च्या ४ डिसेंबरच्या रात्री पश्चिम नौदलाच्या ‘निपात’, ‘निर्घात’ आणि ‘वीर’ या क्षेपणास्त्र-नौकांनी कराचीवर जो घाव घातला, त्यात या छोट्या नौकांवरील रशियन रडारचा वाटा मोठा होता. पाकिस्तानची ‘खैबर’ ही विनाशिका बुडाली, तेव्हा तिच्यावरील खलाशांनी आपल्याकडे झेपावणारा तेजाचा गोळा पाहिला होता. त्यांनी त्यास विमान समजून विमानविरोधी तोफा चालविल्या आणि विमानहल्ला झाल्याचाच संदेश किनाऱ्यावर धाडला. दिसले होते; ओळखले गेले नाही.

त्या विजयाचा उत्सव आपण दर वर्षी नौदल दिन म्हणून करतो व तो करावाच. पण पाचच दिवसांनी घडलेल्या घटनेचे स्मरण मात्र तितक्या ठळकपणे होत नाही, आणि तिचा धागा थेट तुर्भ्याशी जुळलेला आहे. दीवच्या परिसरात पाकिस्तानी पाणबुडी असल्याचा सुगावा तिच्या बिनतारी संदेशांवरून लागला होता. तिला हुडकण्यासाठी ‘खुक्री’ व ‘कृपाण’ या फ्रिगेटी मुंबईहून धाडण्यात आल्या. समुद्राच्या पोटात रडारच्या लहरी शिरत नाहीत. तेथे ध्वनीच्या प्रतिध्वनीवर चालणारे सोनार वापरावे लागते. (दागिने घडविणाऱ्या आमच्या सोनाराशी याचे नाते केवळ उच्चाराचे, पण कान तिखट असणे दोघांनाही आवश्यक!) ‘खुक्री’वरचे सोनार जुने व आखूड पल्ल्याचे होते. लेफ्टनंट व्ही. के. जैन या नौदलाच्या तरुण विद्युत अधिकाऱ्याने तुर्भ्याच्या अणुसंशोधन केंद्रात राहून त्याचा पल्ला वाढविण्याचे संशोधन केले होते. त्यांची सुधारणा ‘खुक्री’वर बसविण्यात आली आणि तिची चाचणी त्या शोधमोहिमेतच चालू होती. सोनारला नीट ऐकू यावे म्हणून नौकेचा वेग कमी ठेवण्यात आला होता.

मंद गतीने जाणारी नौका ही पाणबुडीला सोपे लक्ष्य. ९ डिसेंबरच्या रात्री नऊच्या सुमारास फ्रेंच बनावटीच्या ‘हंगोर’ने सोडलेल्या पाणतीराने ‘खुक्री’ काही मिनिटांत बुडाली. कप्तान महेंद्रनाथ मुल्ला यांनी नौका सोडण्याचे नाकारले. १८ अधिकारी व १७६ खलाशी गेले आणि लेफ्टनंट जैनही त्यांच्यातच गेले. या घटनेत अमुकच दोषी असा निकाल आज देण्याचा अधिकार आम्ही घेऊ इच्छीत नाही. तुर्भ्याच्या प्रयोगशाळेतील बुद्धी कमी पडली नव्हती आणि नौकेवरचे धैर्य तर मुळीच कमी पडले नव्हते. जे संशोधन शांततेच्या काळात वर्षानुवर्षे सावकाश तपासून आरमारात रुजवावयाचे, ते शत्रूच्या तोंडावर तपासण्याची पाळी आली. उपकरणे आयत्या वेळी जमविण्याच्या आपल्या सवयीची किंमत त्या १९४ जणांनी मोजली, असे आम्हांस वाटते.

१९६२ च्या पराभवानंतर ही सवय मोडण्याचा प्रयत्न झालाही. १९६३ मध्ये होमी भाभा यांच्या अध्यक्षतेखाली इलेक्ट्रॉनिक्स समिती नेमली गेली. १९६६ साली तिचा अहवाल प्रसिद्ध झाला, त्या वर्षाच्या जानेवारीतच भाभांचे अपघाती निधन झाले होते. तुर्भ्यातील इलेक्ट्रॉनिक्स विभागातूनच १९६७ मध्ये हैदराबादचा सरकारी कारखाना जन्मास आला. टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील सूक्ष्मतरंगांच्या कामातून पवईची ‘समीर’ ही संस्था १९८४ मध्ये स्वतंत्र झाली. म्हणजे यंत्र घडविण्याची विद्या या खाडीच्या परिसरात आज नाही असे नाही. २०२५ च्या संघर्षात ‘आकाशतीर’ या देशी प्रणालीने अनेक रडारांची माहिती एकत्र गुंफून तोफा व क्षेपणास्त्रांपर्यंत पोहोचविली, असे शासनाने सांगितले आहे. ते खरे असेल तर बेंटले प्रायरीचा धडा आपल्या सेनादलांनी गिरविला, याचे समाधान मानले पाहिजे.

पण धडा अर्धाच गिरवून चालत नाही. २७ फेब्रुवारी २०१९ रोजी बडगाम येथे आपल्याच क्षेपणास्त्राने आपलेच हेलिकॉप्टर पाडले. आतील सहा हवाई सैनिक आणि जमिनीवरील एक नागरिक प्राणास मुकले. त्या सहांत नाशिकचे स्क्वाड्रन लीडर निनाद मांडवगणे होते. पडद्यावर ठिपका उमटला होता. तो आपला की परका, एवढेच काय ते चुकले. ही मोठी चूक होती, अशी कबुली हवाई दलप्रमुखांनी त्याच वर्षी दिली.

आणि मुंबई? २६ नोव्हेंबर २००८ रोजी दहा दहशतवादी समुद्रमार्गे आले, तेव्हा ते एका अपहृत भारतीय मच्छीमार नौकेतून आले होते. अशी नौका रडारला दिसली असती, तरी शेकडो मासेमारी नौकांतली एक म्हणूनच दिसली असती. कुलाब्याच्या मच्छीमार वस्तीत उतरताना त्यांना ओळखले नसले तरी हटकले ते कोळी माणसांनी. त्यानंतर किनाऱ्यावर रडारांची साखळी उभी राहिली. परंतु आपली ओळख स्वतः सांगणारे यंत्र सक्तीचे झाले ते वीस मीटरांहून लांब नौकांना. लहान होड्यांसाठी वेगळी उपकरणे देण्याची योजना अलीकडे सुरू झाली आहे. ती पुरी होईपर्यंत समुद्रावरील ठिपक्यांपैकी बहुतेक निनावीच राहणार.

आकाशाचे गणित याहून कठोर आहे. पृथ्वी गोल असल्याने शंभर मीटर उंचीवरच्या रडारलाही समुद्रालगत येणारी वस्तू सुमारे ४१ किलोमीटरांपलीकडे दिसत नाही. ताशी ९०० किलोमीटर वेगाने येणारे क्षेपणास्त्र ते अंतर तीन मिनिटांच्या आत कापते. उंच डोंगरावर किंवा विमानात रडार बसवून ही मुदत वाढविता येते, आणि ‘सुदर्शन चक्रा’त ते होईलच. पण त्या मिनिटांतील किती मिनिटे नागरिकांच्या वाट्यास येणार? रडारच्या पडद्यावरून हवाई दलाच्या कक्षाकडे, तेथून राज्य शासनाकडे, शासनाकडून दोन महानगरपालिकांकडे आणि मग तुर्भ्याच्या कारखान्यात रात्रपाळी करणाऱ्या कामगाराच्या कानापर्यंत इशारा पोहोचावयास किती वेळ लागतो, हे कोणी घड्याळ लावून मोजले आहे काय? मोजले असेल तर तो आकडा प्रसिद्ध व्हावा. यात शत्रूस उपयोगी पडेल असे गुपित काहीच नाही. उलट ज्यांचा जीव टांगणीला आहे, त्यांना तो कळण्याचा पूर्ण हक्क आहे.

राज्य शासनाने पुढली तालीम मैदानात मान्यवरांसमोर न करता खाडीच्या दोन्ही तुर्भ्यांत, चालू कारखान्यांत आणि पूर्वसूचना न देता करावी. रसायनांचे व्हॉल्व्ह बंद करण्यास किती वेळ लागतो, भोंगा यंत्रांच्या गडगडाटात ऐकू येतो की नाही, कंत्राटी कामगारांना कोठे जावयाचे ते ठाऊक आहे की नाही, याची नोंद व्हावी आणि ती विधिमंडळाच्या पुढल्या अधिवेशनात पटलावर ठेवावी.