सानुग्रह नको, हक्काचं द्या

बस उलटली की दुसर्‍या दिवशी पेपरात ठरलेली बातमी... चालकाचा ताबा सुटला, इतके जखमी, सरकारतर्फे अमुक लाख. आपण कँटीनमध्ये ती वाचतो आणि समजतो, मिटलं. अहो, काय मिटलं? तो सानुग्रह निधी. मेहेरबानी! चालकाच्या हलगर्जीपणाची भरपाई वेगळी. ती मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात मागावी लागते. मोटार वाहन कायदा १९८८, कलम १६६.

आता गंमत बघा. १९९४ मध्ये संसदेने दाव्याची मुदतच काढून टाकली होती. शहाणपणाचं काम. २०१९ च्या दुरुस्तीने सहा महिन्यांची मुदत परत आणली, १ एप्रिल २०२२ पासून लागू. सहा महिने! मांडीत रॉड घातलेला माणूस तेवढ्यात धड जिना चढत नाही. त्याने एफआयआर, पंचनामा, हॉस्पिटलची बिलं गोळा करत फिरायचं? आणि १९८८ मध्ये डीटीसीच्या बसच्या अपघातात गेलेल्या शास्त्रज्ञाच्या घरच्यांना (सरला वर्मा खटला) सुप्रीम कोर्टाचा निकाल मिळायला २००९ उजाडलं. त्याला नाही कोणी मुदत घातली.

आपलं एक वेळ निभेल. सॅलरी स्लिप आहे, पाय गेला तरी कीबोर्ड चालतो. डोक्यावर पाटी घेऊन केळी विकणार्‍या बाईचा पाय गेला तर धंदाच गेला. डॉक्टरने लिहिलेली टक्केवारी जशीच्या तशी धरू नका, कमाई किती बुडाली ते बघा, असं सुप्रीम कोर्टाने २०१० च्या राजकुमार निकालात सांगितलंय. पण तिला हे सांगणार कोण, कंडक्टर? स्टँडवर ‘थुंकू नये’चे एवढे बोर्ड आहेत, शेजारी एक कलम १६६ चा लावा की राव!