शब्दाची उकल : अनायलेट

परवा नाशिकरोडच्या एका विहारातील अभ्यासिकेत दहावीच्या मुलीने विचारले, "सर, बाबासाहेबांच्या 'अनायलेशन ऑफ कास्ट' या पुस्तकाच्या नावातला पहिला शब्द कुठला?" प्रश्न मोलाचा आहे.

'अनायलेट' हे क्रियापद. स्पेलिंगमध्ये 'एच' आहे, पण तो उच्चारत नाहीत. शब्द मूळचा लॅटिन. 'अ‍ॅड' म्हणजे कडे, 'निहिल' म्हणजे काहीही नाही. दोन्ही जुळताना 'ड'चा 'न' झाला. आपल्याकडे उत् अधिक नती मिळून उन्नती होते तसाच. अर्थ झाला, काहीही न उरेपर्यंत नेणे. ऑफिसच्या कागदावरचे 'निल' हे याच निहिलचे आखूड रूप.

निहिलच्या पोटात आणखी एक शब्द आहे, 'हिलम', म्हणजे अगदी क्षुल्लक वस्तू. जुने रोमन पंडित सांगत, शेंगेतल्या दाण्याला चिकटलेला बारीक अंश म्हणजे हिलम. वनस्पतिशास्त्रात बीवरच्या खुणेला आजही हेच नाव आहे. मायबहिणींनो, चवळी निवडताना पाहा. काळ्या डोळ्याच्या मधोमध दिसते ती खूण. तेवढेही न उरणे म्हणजे निहिल!

१३ ऑक्टोबर १९३५ रोजी आपल्याच जिल्ह्यात, येवल्याला, बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असे जाहीर केले. त्यानंतर लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने त्यांना परिषदेचे अध्यक्ष म्हणून बोलावले. भाषण वाचून मंडळ बिचकले, काही भाग गाळा म्हणाले. स्वल्पविरामही बदलणार नाही, असे बाबासाहेबांनी कळविले. परिषद झालीच नाही. १९३६ साली त्यांनी ते भाषण स्वतः पुस्तकरूपाने काढले. १५०० प्रती दोन महिन्यांत संपल्या.

तोडलेले पुन्हा सांधता येते. 'निर्मूलन' या आपल्या शब्दात मूळ उपटणे आहे. अनायलेट त्याच्याही पुढे जातो : उपटल्यावर मातीत कणही राहू नये.

आता स्वतःला विचारू या. मुलामुलींचे लग्न जमवताना 'पोटजात कोणती?' असे आपणही हळूच विचारतो की नाही? तोच आपल्या घरात उरलेला हिलम.

त्या मुलीला म्हटले, "अर्थ वहीत लिही, आणि घरी आईबाबांना चवळीचा एक दाणा दाखव."