घरातला पहारेकरी जागा आहे का?



मागच्या महिन्यात भाभीचा घाबऱ्या आवाजात फोन आला. "आपा, पेन ड्राइव्हमधल्या सगळ्या फोल्डरवर बाणाची खूण आलीय, आणि दाबलं की काहीतरी भलतंच उघडतं."

भाभी घरी शिलाई करते. बायका तिला मापं पाठवतात आणि सोबत अंगावरच्या ड्रेसचे फोटोही, "भाभी, असाच गळा हवा" म्हणून. बाहेर परद्यात राहणाऱ्या बायका केवळ तिच्या भरवशावर हे फोटो देतात. ते सगळे तिच्या जुन्या लॅपटॉपवर होते. काही डिझाइनच्या प्रिंट काढायला ती पेन ड्राइव्ह घेऊन दुकानात गेली होती.

मी जाऊन पाहिलं, तर लॅपटॉपमधलं व्हायरसपासूनचं संरक्षण बंद! विचारलं तेव्हा कळलं की वर्षभरापूर्वी एकाने स्वस्तात विंडोज टाकून दिलं होतं. लायसन्सचे पैसे वाचवायला "अ‍ॅक्टिव्हेट" करणारा चोरीचा प्रोग्राम चालवला आणि जाताना बजावलं, "डिफेंडर चालू करू नका, लॅपटॉप हळू होईल." खरं कारण वेगळं होतं. डिफेंडर असले प्रोग्राम पकडतो, म्हणून आधी त्यालाच गप्प करतात.

आपल्यापैकी अनेकांना वाटतं की अँटीव्हायरस म्हणजे विकत आणायची वस्तू. पण २०१२ साली आलेल्या विंडोज ८ पासून तो विंडोजमध्येच असतो. आज त्याचं नाव मायक्रोसॉफ्ट डिफेंडर. वेगळे पैसे नाहीत, वर्षाचं रिचार्ज नाही. फक्त तो जागा आहे का, हे पाहायचं.

कसं पाहायचं?

स्टार्टवर दाबून इंग्रजीत "विंडोज सिक्युरिटी" टाइप करा आणि ते उघडा. ढालीचं चित्र असलेल्या "व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन" मध्ये जा. तिथे "मॅनेज सेटिंग्ज" दाबलं की पहिलंच बटण "रिअल-टाइम प्रोटेक्शन"चं असतं. ते "ऑन" हवं. खालचं "टॅम्पर प्रोटेक्शन"ही ऑन ठेवा, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामला ही सेटिंग्ज गुपचूप बदलणं कठीण जातं. मग मागे येऊन "प्रोटेक्शन अपडेट्स" मध्ये "चेक फॉर अपडेट्स" दाबा. नव्या चोरांची ओळख पहारेकऱ्याला रोज करून द्यावी लागते.

चालूच होत नसेल तर?

१) आधी दुसरा अँटीव्हायरस आहे का ते पाहा. नव्या लॅपटॉपवर बऱ्याचदा काही दिवसांचा फुकट अँटीव्हायरस असतो. दुसरा पहारेकरी दिसला की डिफेंडर आपणहून बाजूला होतो. त्या दुसऱ्याची मुदत संपली आणि पैसे भरायचे नसतील, तर सेटिंग्जमधल्या "अ‍ॅप्स" मध्ये जाऊन तो काढा आणि कॉम्प्युटर रीस्टार्ट करा. बहुतेक वेळा डिफेंडर स्वतःच जागा होतो. दोन अँटीव्हायरस एकत्र ठेवण्याचा हट्ट करू नका.

२) तारीख पाहा. जुन्या कॉम्प्युटरच्या आतली छोटी बॅटरी संपली की तारीख अनेक वर्षं मागे जाते आणि अपडेट अडकतात. तारीख-वेळ दुरुस्त करून पुन्हा प्रयत्न करा.

३) बटण फिकट दिसत असेल आणि हे सेटिंग अ‍ॅडमिनिस्ट्रेटरच्या ताब्यात असल्याचा मजकूर येत असेल, तर कॉम्प्युटर कोणाचा ते आठवा. शाळेचा किंवा कंपनीचा असेल तर हात लावू नका, त्यांच्या माणसाला सांगा. स्वतःच्या घरच्या कॉम्प्युटरवर हा मजकूर आला, तर कोणीतरी किंवा कुठल्यातरी प्रोग्रामने कुलूप घातलंय असं समजा.

४) आता सगळ्यात महत्त्वाचं. भाभीच्या लॅपटॉपवर मी संरक्षण चालू केलं, स्कॅन केलं, पण काहीच सापडलं नाही. मला खटकलं. "मॅनेज सेटिंग्ज" मध्ये अगदी खाली "एक्सक्लूजन्स" आहे. ज्या जागा तपासायच्या नाहीत, त्यांची ती यादी. तिथे अख्खा सी ड्राइव्ह लिहिलेला! म्हणजे पहारेकरी दारात उभा, पण घरात पाहायला त्याला मनाई. ती नोंद काढून पुन्हा "फुल स्कॅन" लावला, तेव्हा एकामागून एक नावं येऊ लागली. आपण स्वतः घातलेली नसेल अशी कुठलीही नोंद या यादीत ठेवू नका.

चिवट व्हायरससाठी "स्कॅन ऑप्शन्स" मध्ये "ऑफलाइन स्कॅन" असतो. हातातलं काम आधी सेव्ह करा, कारण कॉम्प्युटर रीस्टार्ट होतो आणि विंडोज सुरू होण्याआधीच तपासणी होते. साधारण पंधरा मिनिटं लागतात. इतकं करूनही भागलं नाही, तर फोटो-कागदपत्रांची प्रत काढून विंडोज नव्याने टाकणं हाच उपाय. भाभीच्या बाबतीत आम्ही तेच केलं, आणि या वेळी लायसन्स घेऊन. पेन ड्राइव्हही स्कॅन करून घेतला. तिच्यातली खरी फोल्डर व्हायरसने फक्त लपवून ठेवली होती, ती परत मिळाली.

आणखी दोन गोष्टी. विंडोज १० ला मिळणारा नेहमीचा आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. वाढीव मुदतीची नोंदणी नसेल तर डिफेंडर चालू असूनही विंडोजमधल्या नव्या फटी बुजवल्या जात नाहीत. जमत असेल तर विंडोज ११ वर जा. दुसरं म्हणजे, इंटरनेटवर अचानक लाल पडदा येऊन "तुमच्या कॉम्प्युटरमध्ये व्हायरस आहे, या नंबरवर फोन करा" असं दिसलं, तर फोन करू नका. डिफेंडर कधीही फोन नंबर देत नाही. पैसे गेलेच, तर लगेच १९३० वर कळवा.

लॅपटॉप साफ झाल्यावर भाभीने विचारलं, "आपा, फोटो कुठे गेले तर नसतील ना?" मी खरं तेच सांगितलं: ते खात्रीने कळायला मार्ग नाही. पासवर्ड आम्ही माझ्या फोनवरून बदलले. पण भाभी तेवढ्यावर थांबली नाही. त्या रात्री इशाच्या नमाजनंतर तिने एकेका गिऱ्हाइकाला फोन लावला, काय झालं ते सांगितलं, माफी मागितली. दोघींनी काम परत नेलं. बाकीच्या म्हणाल्या, "सांगितलंस, हे बरं केलंस." आता काम झालं की ती फोटो पुसून टाकते.

लायसन्सचे पैसे वाचवताना आपण दुसऱ्याची अमानत उघड्यावर ठेवतो, हे आपल्या लक्षातच येत नाही. आपल्या कॉम्प्युटरवर मुलांची प्रमाणपत्रं, आधार, बँकेची कागदं, कुणाकुणाचे फोटो असतात. आज पाच मिनिटं काढा. संरक्षण चालू आहे का ते पाहा, आणि ती "एक्सक्लूजन्स"ची यादीही उघडा.

अल्लाह आपल्या सर्वांच्या घराची आणि अमानतीची हिफाजत करो. आमीन.