सेंटची बाटली आणि स्टोव्हची पिन

गेल्या महिन्यात आमच्या घरात एका बाटलीवरून भांडण झालं. भांडण म्हणजे फार मोठं काही नाही, आई दोन दिवस माझ्याशी मोजकंच बोलली इतकंच. पण चूक माझी होती, आणि ती कशी होती हे कळायला मला एक पक्कड, एक जुनी स्टोव्हची पिन आणि एक अख्खा रविवार लागला.

बाटली सेंटची. (परफ्यूम हा शब्द आमच्या घरात अजून रुळलेला नाही. रत्नागिरीत आखातातून येतो तो सेंट.) मामाने आणलेली. मामा कुवेतला फिटर होता. पंप आणि व्हॉल्व्ह उघडायचे, साफ करायचे, वायसर बदलायचे, परत बसवायचे, हे काम त्याने सव्वीस वर्षं केलं. दर सुट्टीला बॅगेत टँगचा डबा, टायगर बाम, खजूर आणि एक सेंटची बाटली ठरलेली. २०११च्या सुट्टीत आणलेली ही शेवटची. नंतर तो कायमचा परत आला आणि चार वर्षांपूर्वी गेला. बाटली आईच्या कपाटात, साड्यांच्या मागे. वर्षातून दोन लग्नं, एखादी मुंज, तेवढीच बाहेर यायची.

मावसबहिणीच्या मुलीच्या लग्नाला निघताना आईने बटण दाबलं. खाली गेलं, वर आलं, बाहेर काहीच नाही. पाच वेळा, दहा वेळा. माझा मुलगा म्हणाला, "आजी, दे टाकून. ऑनलाइन मागवू." मी त्याच्या वरताण. "एवढी जुनी झाली, आता काय राहिलंय तिच्यात," म्हणून मोकळा झालो.

आईने बाटली उजेडात धरली. निम्मी भरलेली. म्हणाली, "मोरी तुंबली म्हणून घर पाडतोस का रे?"

लग्नाहून आल्यावर बाबांनी खिळ्यांच्या डब्यातून स्टोव्हची पिन काढून माझ्या हातात ठेवली. काही बोलले नाहीत. ज्यांनी रॉकेलचा स्टोव्ह वापरलाय त्यांना ही पिन माहीत असेल. पत्र्याची चपटी दांडी आणि टोकाला केसाएवढी तार. स्टोव्ह फुरफुरायला लागला की निप्पलमध्ये घालायची, बाहेर काढायची, निळी ज्योत परत.

तर आधी कामाचं सांगतो, कारण अशी बाटली तुमच्याही कपाटात असणारच.

फवाऱ्याच्या बाटलीत एक छोटा हातपंप असतो, बस. बटण दाबलं की आतला दट्ट्या खाली जातो आणि कोठीत साठलेला द्रव बटणाच्या भोकातून तुषार होऊन बाहेर पडतो. बोट काढलं की स्प्रिंग दट्ट्याला वर ढकलते, पोकळी तयार होते आणि नळीतून पुढचा घोट वर येतो. बिघडायला जागा चार-पाचच. बटण सरळ वर ओढलं की निघतं. ते बाजूला ठेवून खालची बारीक दांडी फडक्याने हळूच दाबायची (तोंड लांब ठेवून, डोळ्यात गेलं तर जीव जाईल असं झोंबतं). दांडीतून द्रव आला तर पंप ठीक आहे, तुंबलंय ते बटण. ते पंधरा-वीस मिनिटं गरम पाण्यात ठेवावं, दांडी बसते त्या बाजूने फुंकावं, वाळवावं, परत बसवावं. बहुतेकांचं काम इथेच होतं. पिन घालण्याची घाई करू नये. स्टोव्हचं निप्पल पितळेचं असतं, हे प्लॅस्टिकचं. भोक जरा मोठं झालं की तुषारांऐवजी धार. आणि गरम पाण्यात फक्त बटण, बाटली नव्हे. आत मुख्यत्वे अल्कोहोल आहे, भडकायला वेळ लागत नाही.

आमच्या बाटलीच्या दांडीतून काहीच आलं नाही. म्हणजे पंप उघडायला हवा. इथे मी अडलो, आणि ज्याच्यासाठी हे सगळं लिहायला बसलो ती गोष्ट इथून सुरू होते.

बाटलीच्या गळ्याला आटे नाहीत. वरचं सोनेरी कडं ओढून काढलं की खाली ॲल्युमिनियमची पट्टी दिसते. ती काचेच्या ओठाखाली यंत्राने दाबून बसवलेली असते. ती फिरत नाही, निघत नाही, फक्त तुटते. तोडली की परत बसत नाही.

मला वाटलं, असेल काही तांत्रिक अडचण. काच वेगवेगळ्या आकाराची, प्रत्येक बाटली निराळी, कोण कुठला पंप कुठे बसवणार? म्हणून जरा वाचत गेलो, आणि माझा पारा चढला तो अजून उतरलेला नाही. गळ्याची मापं ठरलेली आहेत. बाटली चौकोनी असो, बदामाच्या आकाराची असो, की उंटाच्या, गळा ठरावीक मापांचाच, आणि त्यातलं सर्वांत नेहमीचं माप १५ मिलिमीटर. हे प्रमाण ठरवलं ते एवढ्यासाठीच की कारखानदाराला काच एकाकडून आणि पंप दुसऱ्याकडून घेता यावा, आणि उद्या पंपवाला बदलला तरी बाटली बदलावी लागू नये.

म्हणजे बघा. पंप बदलण्याची सोय आहे. उत्तम सोय आहे. बाटली कारखान्याच्या पट्ट्यावर असते तोवर कुठलाही पंप कुठल्याही बाटलीवर बसतो. ती पट्टी दाबली जाते त्या क्षणी ही सोय संपते, आणि त्याच्या पुढच्या क्षणी बाटली तुमची होते. दुरुस्ती अशक्य नाहीये हो, ती आपल्यापुरती बंद केलेली आहे.

यावर उत्तरं तयार असतात. पहिलं, आट्याच्या झाकणातून अल्कोहोल उडून जातं. मग हल्ली काही कंपन्या आट्याचा गळा देऊन "पुन्हा भरा" अशी जाहिरात करतात, त्यांचं कसं उडत नाही? १९९२ साली आलेल्या 'एंजल' या फ्रेंच सेंटची ताऱ्याच्या आकाराची बाटली तर दुकानात नेऊन भरून आणता येत असे. चांगला वायसर असला की झालं. दुसरं उत्तर वजनदार आहे, भेसळीचं. नावाजलेल्या रिकाम्या बाटल्या गोळा करून त्यात भलतंच भरून विकणारे लोक आहेत, हे मला मान्य आहे. पण पट्टी दाबून बसवायचं हातातलं यंत्र उघड विकत मिळतं. भेसळवाला ते घेतो, त्याचा तो धंदाच आहे. आईसाठी कोणी ते यंत्र घेणार नाही. म्हणजे या पट्टीने अडतो तो फक्त सरळमार्गी माणूस. तिसरं उत्तर सुरक्षेचं, आणि त्याला मी काय म्हणू? ज्या देशात घराघरात रॉकेलचा स्टोव्ह बायकांनी पंप मारून पेटवला आणि उघडून साफ केला, तिथे चमचाभर अल्कोहोलची भीती घालू नये.

स्टोव्हचा विषय निघालाच आहे. बारीक भोक तुंबतं, हे स्टोव्ह करणाऱ्याला माहीत होतं. म्हणून पिन वाण्याकडे मिळायची, आणि वायसर, बर्नर, निप्पल सगळं सुटं. ओगलेवाडीच्या ओगल्यांचा प्रभाकर कंदील घ्या. काच तडकली तर काच आणायची, वात संपली तर वात. काच तडकली म्हणून कंदील फेकला असं कुणी सांगितलं असतं तर त्याला वेड्यात काढलं असतं. फार कशाला, हळदीकुंकवाची गुलाबदाणी आठवा. तिचं काम तेच, सुगंध शिंपडायचं. डोकं आट्याचं. फिरवा, गुलाबपाणी भरा, भोकं बुजली तर सुईने मोकळी करा. आमच्याकडची पणजीची आहे आणि आजही शिंपडते. सेंटच्या फवाऱ्याचा पूर्वजही असाच होता. अमेरिकेतल्या टोलीडो गावच्या डॉ. ॲलन डीव्हिल्बिस यांनी १८८०च्या दशकात तो बनवला तो रोग्याच्या घशात औषध फवारायला. सेंटच्या बाटलीवर तो नंतर चढला, रबरी फुगा लावून, आणि तेव्हा तो फिरवून काढता यायचा.

मी राहतो त्या गावात टिळक जन्मले. त्यांचा पाठिंबा असलेल्या पैसा फंडातून, म्हणजे लोकांनी दिलेल्या एकेका पैशातून, १९०८ साली तळेगावला काचेचा कारखाना उभा राहिला. काच आपल्याला करता यावी म्हणून लोकांनी पैसा पैसा दिला होता. आज चांगली जाड, घासून चकचकीत केलेली काचेची बाटली आपण घंटागाडीत टाकतो. का, तर तिच्या डोक्यावरचा काही रुपयांचा पंप चालत नाही म्हणून.

कायद्याकडे बघावं तर तिथे आपला नंबरच नाही. आपल्याकडे केंद्र सरकारने २०२२ साली दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली, त्यात शेतीची अवजारं, मोबाइल, घरगुती उपकरणं आणि वाहनं आली. युरोपने २०२४ साली कायदा केला, तो मुख्यतः वॉशिंग मशीन, फ्रिज आणि फोन असल्या वस्तूंसाठी. चांगलंच आहे. पण बारक्या वस्तूंचं कोण बघणार? फ्रिज दहा-बारा वर्षांनी एकदा जातो. फवारे, लायटर, पेनं, टूथब्रश रोज जातात.

आता थोडं आपल्याबद्दल. (मावशी, वाचत असशील तर रागावू नकोस, तुझ्या कपाटातल्या तीन बाटल्या मी पाहिल्या आहेत.) हा फवारा तुंबतो त्याला आपणही कारण आहोत. आपण वापरत नाही. जपतो. भोकाशी राहिलेल्या थेंबातलं अल्कोहोल उडतं आणि मागे राहिलेला चिकट भाग वाळून बूच होतो. रोज वापरली तर रोज धुवून निघते, सहा महिन्यांनी एकदा दाबली तर तुंबणारच. वर आपलं हवामान. पावसाळ्यात चामड्याच्या चपलेला बुरशी येते, त्या दमट कपाटात आपण चांगल्या वस्तू 'चांगल्या दिवसासाठी' ठेवतो. मामाने आणलेली प्रत्येक बाटली आईने अशीच पुरवून पुरवून वापरली. त्याला ते आवडायचं नाही. "ताई, संपव गं, मी आणतो की दुसरी," म्हणायचा.

तर रविवारी अंगणात बसून मी ती पट्टी कापली. (घरात, गॅसजवळ हे करू नका. आणि डिओचा पत्र्याचा डबा तर मुळीच उघडू नका, त्यात दाबाखाली वायू असतो.) कापायच्या छोट्या पकडीने कडेकडेने जरा जरा उचलत तासभर गेला. काचेला टवका गेला नाही हे नशीब. पंप वर आला आणि दोष लगेच दिसला. नळी जिथे पंपात खोचलेली असते तिथे ती उभी चिरली होती. पंप द्रवाऐवजी त्या चिरेतून हवा ओढत होता. मी चिरलेला बोटभर तुकडा कापून टाकला, उरलेली नळी परत खोचली. खाली ती वळेल इतकी लांब होतीच. पंप पाण्याच्या पेल्यात धरून दाबला. चौथ्या दाबाला तुषार. नव्यासारखे, बारीक, भिंतीवर गोल ओला डाग पडला.

दुरुस्तीला लागली पाच मिनिटं, पैसे शून्य. आणि तो चालणारा पंप त्या चांगल्या बाटलीवर बसवायचा काही उपाय नाही, कारण पट्टी मी कापली होती. पट्टी कापल्याशिवाय दुरुस्त करता येत नव्हता.

बाबा शेजारी खुर्चीवर बसून बघत होते. म्हणाले, "तुझा मामा असता तर हे करणाऱ्याला कुवेतीत शिव्या दिल्या असत्या." मामाला अरबीतल्या बऱ्याच येत होत्या.

संध्याकाळी राम आळीत जाऊन घासलेल्या काचेचं बूच असलेली अत्तराची छोटी बाटली आणली आणि आत होतं ते तिच्यात गाळून घेतलं. वरचा लिंबासारखा ताजा वास गेला आहे, खालचा उदासारखा आहे तसा आहे. आईने बुचाच्या टोकाने मनगटाला लावलं, मग बाबांच्या शर्टाला. लग्न नव्हतं, मुंज नव्हती, मंगळवार होता.

पंप बाबांच्या डब्यात गेला, स्टोव्हच्या पिनेशेजारी. मामाची रिकामी बाटली आईने तोंड उघडं ठेवूनच परत साड्यांत ठेवली. पैठणीला वास लागतोय म्हणते.